यादी खालून वाचताना

भाच्याने एका संध्याकाळी एक तक्ता माझ्यापुढे ठेवला. रेंज रोव्हरच्या १९७० पासून आजपर्यंतच्या पाच पिढ्या, प्रत्येक पिढीत मिळालेली इंजिने, त्यांची अश्वशक्ती आणि टॉर्क, म्हणजे चाके फिरवण्याची ओढ, असे सगळे त्याने सुबक रकान्यांत मांडले होते आणि एका ओळीवर लाल खूण करून ठेवली होती. "मावशी, इथे काहीतरी चुकलंय. पहिल्या गाडीचं इंजिन १३५ अश्वशक्तीचं, आणि चोवीस वर्षांनी आलेल्या दुसऱ्या पिढीतलं डिझेल १३६ चं? एवढ्या वर्षांत एकच वाढली?" तक्ता बरोबर होता. मी तसे सांगितले आणि तो पुढच्या ओळींकडे वळला, कारण त्याला सर्वांत वरच्या, ६१५ अश्वशक्तीच्या ओळीत अधिक रस होता. मला मात्र ती लाल खूण काही केल्या सोडेना. या दोन्ही गाड्यांत मी बसलेली आहे. कागदावर त्यांच्यात एका अश्वशक्तीचे अंतर आहे, आणि रस्त्यावर त्या एकमेकींच्या जवळपासही नाहीत. मग तो रकाना नेमके काय सांगतो, आणि इतकी वर्षे आपण सगळे इतक्या श्रद्धेने काय वाचत आलो, हा प्रश्न रात्री उशिरापर्यंत माझ्याबरोबर राहिला.

माझ्या लहानपणी वडिलांच्या एका स्नेह्यांकडे पहिल्या पिढीतली दोन दारांची गाडी होती. तेव्हाही ती जुनी झाली होती. आज आलिशान गाडी म्हटल्यावर जे डोळ्यांपुढे येते त्यातले तिच्यात काहीच नव्हते. आसनांना साधे रेक्झिन, पायाखाली रबर, आणि चिखल झाला तर आतून पाण्याच्या नळीने धुऊन काढता येईल अशी एकूण रचना. दार इतके लांब आणि जड होते की ते ओढून लावायला मला दोन्ही हात लागत. बॉनेटच्या पुढच्या दोन कोपऱ्यांवरचे उंचवटे आतून दिसत, त्यामुळे गाडीची रुंदी कुठे संपते हे बसल्या जागी कळे. काका चोक ओढून इंजिन सुरू करत. ते एकदा अंगभर थरथरे आणि मग एका खोल, सैलसर लयीत स्थिरावे. गिअरबॉक्सचा मात्र एक बारीक विव्हळता सूर सतत चालू असे, वेग वाढेल तसा चढत जाणारा, आणि त्यात पेट्रोलचा आणि तापलेल्या रबराचा वास मिसळलेला असे. चढ आला की काका गिअर बदलत नसत. त्यांचा हात गिअरच्या दांड्यावर नुसता टेकलेला असे, पायाने थोडे अधिक दाबले की गाडी त्याच गिअरमध्ये, आवाजाची पट्टी फारशी न चढवता, वर जाई. "हिला घाई नाही आणि हिला धाप लागत नाही," असे ते म्हणत, आणि मला वाटे की गाडीबद्दल बोलण्यासारखे यापलीकडे काही नसावे.

ते इंजिन मुळात या गाडीसाठी जन्मलेलेच नव्हते. अमेरिकेतल्या जनरल मोटर्सच्या ब्यूइक विभागाने १९६१ च्या आपल्या लहान मोटारींसाठी २१५ घनइंचांचे, म्हणजे साडेतीन लिटरचे, ॲल्युमिनियमचे व्ही-८ इंजिन आणले. त्याचे वजन दीडशे किलोच्या आत होते. पण ॲल्युमिनियमचा ब्लॉक ओतणे महाग आणि जिकिरीचे पडत होते, आणि त्याच सुमारास पातळ भिंतींचे लोखंडी ब्लॉक ओतण्याचे तंत्र बरेच सुधारले, तेव्हा १९६३ नंतर जनरल मोटर्सने ते सोडून दिले. रेंज रोव्हर पुढे ज्यांनी बनवली त्या ब्रिटिश रोव्हर कंपनीचे प्रमुख विल्यम मार्टिन-हर्स्ट अमेरिकेत गेले असता बोटींची इंजिने बनवणाऱ्या मर्क्युरीच्या कारखान्यात हे टाकून दिलेले इंजिन त्यांच्या नजरेस पडले, आणि १९६५ मध्ये रोव्हरने त्याचे हक्क घेतले. आधी ते रोव्हरच्या सलून गाड्यांत बसले. तिथे त्याचे कॉम्प्रेशन, म्हणजे सिलिंडरमधले मिश्रण दाबण्याचे प्रमाण, १०.५ ला एक असे होते, त्याला उत्तम प्रतीचे पेट्रोल लागे, आणि शक्तीही अधिक मिळे. रेंज रोव्हरमध्ये आणताना हे प्रमाण ८.५ वर उतरवले गेले, कारण ही गाडी जिथे जाणार होती तिथे चांगले पेट्रोल मिळेलच याची खात्री नव्हती. कार्ब्युरेटर बदलले ते गाडी कलती असतानाही इंधन नीट पोचावे म्हणून. टॉर्क शिखरावर येई तो मिनिटाला सुमारे २,५०० फेऱ्यांना.

म्हणजे पहिल्या गाडीची १३५ अश्वशक्ती ही जाणून-बुजून कमी केलेली शक्ती होती.

मला या निर्णयाबद्दल मनापासून आदर वाटतो. स्पेन किंग आणि गॉर्डन बॅशफर्ड यांच्यासारखे अभियंते हाताशी आलेल्या इंजिनातून जास्तीत जास्त काढण्याचा विचार करत नव्हते, तर ते कुठे आणि कसे लागेल याचा विचार करत होते. चारही चाकांना कायम शक्ती देण्याची जी व्यवस्था या गाडीचे वैशिष्ट्य म्हणून गाजली तिचे एक कारणही या इंजिनातच आहे. एवढा टॉर्क एकट्या मागच्या ॲक्सलवर टाकायचा तर तो ॲक्सल फार अवजड करावा लागला असता, तो दोन्हीकडे वाटला की दोन्ही ॲक्सल हलके ठेवता येत. इंजिनाची शक्ती, चाकांची व्यवस्था, स्प्रिंगांचा लांब पल्ला आणि गाडीचे सुमारे सव्वासतराशे किलो वजन, हे सगळे एकाच हिशेबात बसवलेले होते. थांब्यापासून ताशी १०० किलोमीटरचा वेग गाठायला पंधरा सेकंदांच्या आसपास लागत, आणि तेव्हाच्या चालकांना त्यात उणे काही वाटत नव्हते. १९७९ च्या पहिल्या पॅरिस–डाकार शर्यतीत मोटारींमध्ये रेंज रोव्हर पहिली आली, १९८१ मध्ये रेने मेत्झ यांनी मोटारींची शर्यत पुन्हा जिंकली, तीही याच गाडीत.

कोणते इंजिन घ्यावे हा प्रश्न या गाडीच्या ग्राहकाला पहिली सोळा वर्षे पडलाच नाही, कारण पर्यायच नव्हता. १९८५ च्या सुमारास कार्ब्युरेटर जाऊन इंधन इंजेक्शन आले आणि तेच साडेतीन लिटर १६५ अश्वशक्ती देऊ लागले. पुढे सिलिंडरचा व्यास वाढवून ३.९ लिटर झाले, १८५ च्या आसपास, आणि १९९२ मध्ये लांब बांध्याच्या आवृत्तीत ४.२ लिटर, २०० अश्वशक्ती. या वाढीला गाडीच्या वाढत्या वजनाची जोड होती. चार दारे आली, स्वयंचलित गिअरबॉक्स आला, कातडी आसने, वातानुकूलन, हवेवरचे सस्पेन्शन आले, आणि इंजिनाने त्या प्रत्येकाचा भार आपल्या अंगावर घेतला. आपण तक्त्यात १३५ वरून २०० झाले असे वाचतो, पण त्या ६५ पैकी बराचसा भाग गाडीने स्वतःलाच वाहून नेण्यात खर्च केला होता. (बीएचपी आणि मेट्रिक अश्वशक्ती यांच्यात सुमारे दीड टक्क्याचा फरक असतो, त्यामुळे वेगवेगळ्या ठिकाणी हेच आकडे दोन-चारने पुढे-मागे दिसतात. त्याने इथल्या मुद्द्याला बाध येत नाही.)

आणि याच पिढीत, १९८६ मध्ये, यादीला पहिल्यांदा तळ मिळाला. इटलीच्या व्हीएम कंपनीचे २.४ लिटरचे, चार सिलिंडरचे टर्बो डिझेल, म्हणजे धुराच्या जोरावर फिरणाऱ्या पंख्याने हवा दाबून भरणारे डिझेल, आले, ११२ अश्वशक्तीचे. प्रत्येक सिलिंडरला वेगळे हेड असलेले हे इंजिन लोकांना पटावे म्हणून कंपनीने त्याच वर्षी त्या गाडीने वेग आणि सहनशक्तीचे २७ विक्रम करून दाखवले. सोळा वर्षांपूर्वीच्या हलक्या गाडीला १३५ आणि आता जड झालेल्या गाडीला ११२ हे गणित ऐकायला विचित्र लागते, पण त्याला कारण होते. युरोपात काही देशांत ठरावीक घनफळाच्या वरच्या इंजिनांवर कराचा बोजा एकदम वाढत असे, आणि डिझेलसाठी ती रेषा बऱ्याचदा अडीच लिटरला होती. म्हणून व्हीएमचे पहिले इंजिन २.४ लिटर, दुसरे २.५, त्यानंतर लँड रोव्हरचे स्वतःचे डिझेल २,४९५ सीसी, आणि दुसऱ्या पिढीत बीएमडब्ल्यूकडून घेतलेले सहा सिलिंडरचे डिझेल २,४९७ सीसी. भाच्याने ज्या ओळीवर लाल खूण केली तिचे उत्तर इथे आहे. १९९४ च्या त्या गाडीला किती शक्ती लागते हे इंजिनाच्या अभियंत्याला विचारले गेले असते तर त्याने वेगळा आकडा सांगितला असता. तो आकडा कर आकारणाऱ्याच्या रेषेवर ठरला, आणि त्या रेषेच्या तीन सीसी आत राहून अभियंत्यांनी जे शक्य होते ते केले.

त्या १३६ अश्वशक्तीच्या गाडीत मी एका मैत्रिणीबरोबर एक लांबचा चढाचा रस्ता केलेला आहे, आणि तो प्रवास मला तक्रार म्हणून आठवत नाही. सहा सिलिंडरची लय गुळगुळीत होती, थंडीत सुरू केल्यावरची कडकड दहा-एक मिनिटांत विरून जाई, आणि सपाटीवर नव्वदच्या वेगाने ती गाडी दिवसभर चालत राहिली असती. पण चढ लागला की मैत्रिणीचे बोलणे थांबे. ती वळणाच्या खूप आधीपासून पलीकडचा रस्ता पाहायला लागे, पुढच्या ट्रकला ओलांडायचे तर आधी मागे राहून मोकळी जागा तयार करी, मग पाय पूर्ण दाबून टर्बो भरून यायची वाट पाही, आणि तो भरला की त्या एका श्वासात जेवढे साधेल तेवढे साधून घेई. २७० न्यूटन-मीटरचा टॉर्क २,३०० फेऱ्यांना मिळे, आणि ते फेरे हातचे गेले की दोन टनांचे वजन लगेच जाणवे. तिला ती गाडी पुरती समजलेली होती आणि तिचे चालवणे बघण्यासारखे होते. मात्र काकांच्या गाडीत जे काम इंजिन करत होते ते इथे चालक करत होता, हे मला त्या प्रवासात स्पष्ट दिसले.

हे थोडे आकड्यांत मांडून बघण्यासारखे आहे. दर शंभर मीटरला दहा मीटर चढणारा रस्ता धरा आणि ताशी ५० चा वेग धरा. माणसे आणि सामान मिळून सव्वादोन टन भरणाऱ्या गाडीला नुसते स्वतःला वर उचलायला ४० च्या थोडी वर अश्वशक्ती लागते. तीन टन भरणाऱ्या गाडीला त्याच कामाला ५५ लागते, आणि हवेचा व चाकांचा विरोध धरला की आणखी थोडी. उलट सपाट रस्त्यावर शंभरच्या वेगाने जाताना आजच्या, हवा नीट कापणाऱ्या मोठ्या गाडीला साधारण ३० अश्वशक्ती पुरते. म्हणजे यादीतल्या सर्वांत अशक्त इंजिनाकडेही गरजेपेक्षा बरेच जास्त असते. मग ते अपुरे का वाटते? कारण आपल्याला लागते ती उरलेली शक्ती. चढावर असताना वेग वाढवायचा झाला तर गाठीला किती शिल्लक आहे आणि ती इंजिनाला फार न पळवता मिळते की नाही, यावर गाडीचा स्वभाव ठरतो. १३५ आणि १३६ या दोन आकड्यांमध्ये चारशे किलोच्या आसपासचे वजन उभे होते. शिवाय पेट्रोलच्या व्ही-८ ची ओढ पाय दाबताच मिळे, आणि डिझेलला टर्बोची वाट पाहावी लागे. तक्त्यात या दोन्ही गोष्टींना रकाना नव्हता.

दुसऱ्या पिढीच्या वरच्या टोकाला ४.६ लिटरचे पेट्रोल होते, २२५ अश्वशक्तीचे, त्याच ब्यूइकच्या रक्ताचे. तिसऱ्या पिढीत, २००२ मध्ये, हे जुने घराणे रेंज रोव्हरपुरते संपले. बीएमडब्ल्यूच्या मालकीच्या काळात आखलेल्या त्या गाडीत पेट्रोलही बीएमडब्ल्यूचे ४.४ लिटर आले, २८६ अश्वशक्तीचे, आणि डिझेलही त्यांचेच तीन लिटरचे, १७७ अश्वशक्ती आणि ३९० न्यूटन-मीटरचे. गाडी आता जवळजवळ अडीच टनांवर पोचली होती, त्यामुळे तळाचे इंजिन पुन्हा मागे पडले. डिझेलला शंभर गाठायला तेरा सेकंदांच्या वर लागत, पेट्रोलला नऊच्या थोडे वर. एकाच गाडीच्या दोन आवृत्त्या रस्त्यावर दोन वेगळ्या स्वभावाच्या होत्या, आणि आतली लाकूडकाम केलेली, उंच, राजेशाही बैठक दोन्हींत सारखीच होती. मला वाटते की आलिशान गाडीच्या बाबतीत हा खरा अन्याय आहे. ज्याने कमी इंधनात भागावे म्हणून डिझेल घेतले त्याला आसने तीच मिळाली, शांतता जवळपास तीच मिळाली, पण निश्चिंतपणा मिळाला नाही, आणि निश्चिंतपणा हेच तर या गाडीचे पहिल्या दिवसापासूनचे वचन होते.

ते वचन तळाच्या इंजिनाने पाळले ते २००६ मध्ये. त्या वर्षी तीन लिटरचे डिझेल गेले आणि त्याच्या जागी ३.६ लिटरचे व्ही-८ डिझेल आले. १७७ ची २७२ अश्वशक्ती झाली, ३९० चे ६४० न्यूटन-मीटर झाले, आणि तेही २,००० फेऱ्यांना. वरच्या टोकाला त्या सुमारास सुपरचार्ज केलेले, म्हणजे इंजिनानेच फिरणाऱ्या पंख्याने हवा दाबून भरणारे, ४.२ लिटरचे पेट्रोल होते, ३९६ अश्वशक्तीचे, आणि मासिकांचे लेख त्याच्याबद्दल अधिक भरून येत. पण माझ्या मते या गाडीच्या सबंध इतिहासातली सर्वांत मोठी उडी यादीच्या तळाला, या डिझेलने मारली. मी ती गाडी चालवली तेव्हा पहिल्या चढावर माझा पाय सवयीने खोल गेला आणि तो तसा जायची गरज नव्हती. सुई दोन हजारांच्या अलीकडे-पलीकडे रेंगाळत होती, खालून आठ सिलिंडरची एक दबकी, भरीव घरघर येत होती, आणि गाडी चढ चढत असल्याची बातमी फक्त डोळ्यांना मिळत होती. काकांचा तो गिअरच्या दांड्यावर टेकलेला हात मला तिथे आठवला.

२०१० मध्ये त्याचेच ४.४ लिटर झाले, ३१३ अश्वशक्ती, ७०० न्यूटन-मीटर, आणि त्याला आठ गिअरांचा, झेडएफ या जर्मन कंपनीचा स्वयंचलित गिअरबॉक्स मिळाला. पाचही पिढ्यांतून एकच इंजिन निवडायचे झाले तर मी हे निवडीन. त्याच्याहून ताकदीची कितीतरी आली, पण एवढ्या मोठ्या गाडीला इतके नेमके जुळलेले दुसरे मला आढळले नाही. डिझेलच्या टर्बोचा आणखी एक लाभ उंचीवर कळतो. टर्बो नसलेले इंजिन हजार मीटर वर गेले की साधारण दहा टक्के शक्ती गमावते, कारण हवाच विरळ होते. म्हणजे तीन हजार मीटरच्या खिंडीत १९७० च्या त्या व्ही-८ कडे ९५ च्या आसपासच उरत असणार. टर्बो विरळ हवा दाबून भरतो आणि हा तोटा बऱ्याच अंशी भरून काढतो. यादीतले सगळे आकडे समुद्रसपाटीचे असतात, आणि ही गाडी घेणाऱ्या अनेकांच्या मनात डोंगर असतो.

चौथ्या पिढीचा धडा याहून वेगळा आणि मला अधिक आवडणारा आहे. २०१२ मध्ये गाडीचा सगळा सांगाडा ॲल्युमिनियमचा झाला आणि सहा सिलिंडरच्या डिझेल आवृत्तीचे वजन आधीच्या व्ही-८ डिझेलपेक्षा ४२० किलोंपर्यंत घटले. त्या तळाच्या इंजिनाची शक्ती २५८ अश्वशक्ती होती, म्हणजे आधीच्या ३१३ पेक्षा ५५ ने कमी. तक्ता नुसता चाळणाऱ्याला ही पीछेहाट वाटेल. प्रत्यक्षात शंभर गाठायला एकीला ७.८ सेकंद लागत होते आणि दुसरीला ७.९. जे काम ५५ अश्वशक्ती करत होती ते आता वजनाच्या अनुपस्थितीने केले. चाळीस वर्षे इंजिन वाढवत नेऊन गाडीने स्वतःच्या जाडीशी जी शर्यत लावली होती तिच्यात पहिल्यांदाच दुसऱ्या बाजूने हात घातला गेला. बारीक वळणांवर पुढचे चाक वळण पकडते तेव्हा हा फरक कोणत्याही आकड्याआधी हाताला कळतो.

वरच्या टोकाबद्दल मी कमी बोलले याचे कारण ते मला नको आहे असे नाही. सुपरचार्ज केलेल्या पाच लिटर पेट्रोल इंजिनाच्या गाडीत, २००९ नंतरच्या ५१० अश्वशक्तीच्या आवृत्तीत, मी मागच्या आसनावर बसलेली आहे, आणि पाय दाबल्यावर पाठ आसनात रुतते, पोटात एक पोकळी होते आणि कानाशी सुपरचार्जरची बारीक शीळ येते, त्याचा आनंद निखळ असतो. पुढे याच इंजिनाचे ५५० आणि ५६५ झाले. त्या आनंदाला मी नाव ठेवणार नाही. मात्र तो अडीच टनांच्या गाडीत पाच-सहा सेकंद टिकतो, मग वेगाची मर्यादा येते किंवा पुढचे वाहन येते, आणि उरलेला सगळा प्रवास ही गाडी यादीतल्या खालच्या इंजिनासारखीच, तीस-चाळीस अश्वशक्तीवर करते.

पाचव्या पिढीत, २०२१ नंतर, ५१० हा आकडा पुन्हा भेटला, आणि भाच्याच्या लाल खुणेसारखीच इथेही एक खूण करायला हवी. या वेळी ते तीन लिटरचे, सहा सिलिंडरचे, ४०० अश्वशक्तीचे पेट्रोल इंजिन आणि १०५ किलोवॉटची विजेची मोटर यांची एकत्रित शक्ती होती, टॉर्क ७०० न्यूटन-मीटर. जुन्या ५१० चे ६२५ होते आणि ते फेरे वाढल्यावर मिळत. नव्याचा मोटरचा वाटा चाक हलण्याआधीच हजर असतो, गाडी गावातून जवळजवळ आवाज न करता जाते, आणि बॅटरीत वीज असेपर्यंत इंजिन झोपून राहू शकते. त्या बदल्यात बॅटरीचे वजन दिवसरात्र वाहावे लागते. बॅटरी उतरली की लांब चढाचा भार मुख्यतः पेट्रोल इंजिनावर येतो. आधीच्या पिढीतल्या दोन लिटर, चार सिलिंडरच्या, पेट्रोल आणि विजेच्या जोड-आवृत्तीत ही गोष्ट अधिक ठळक होती. तिची ४०४ अश्वशक्ती खरी होती, पण त्यातली तीनशेच पेट्रोलच्या टाकीतून येत होती.

आजच्या यादीचा विस्तार पाहिला की छाती दडपते. शिखरावर ६१५ अश्वशक्तीचे बीएमडब्ल्यूचे ४.४ लिटर, त्याच्या खाली त्याच घराण्याचे ५३०, ७५० न्यूटन-मीटरचे, ४.६ सेकंदांत शंभर गाठणारे. म्हणजे २००२ मध्ये ज्यांच्याकडून व्ही-८ घेतले होते त्यांच्याकडेच गाडी फिरून आली. ब्रिटनमध्ये ही पिढी बाजारात आली तेव्हा यादीच्या तळाला ३०० अश्वशक्तीचे सहा सिलिंडरचे डिझेल होते, ६५० न्यूटन-मीटरचे. हे तळाचे इंजिन २००२ च्या शिखरापेक्षा बलवान आहे. पहिल्या गाडीपासून आजपर्यंत यादीचे शिखर साडेचार पटींनी वर गेले, तळ सव्वादोन पटींनी, आणि गाडीचे वजन दीडपटीच्या आसपास. या तीन वेगांतला मधला वेग मला सर्वांत शहाणा वाटतो. तळाने वजनाला मागे टाकले आणि थोडे शिल्लक ठेवले, तेवढी शिल्लक चढावर पुरते. आज कोणी मला कोणते इंजिन घेऊ असे विचारले तर मी आधी खालचे चालवून बघायला सांगते, तेही भरलेल्या गाडीत, सगळी माणसे आणि सामान घेऊन, चढावर. त्यात काही कमी वाटले तरच एक ओळ वर सरकावे.

याच पिढीत आता विजेवरची आवृत्तीही येऊ घातली आहे. संपूर्ण विजेवर चालणाऱ्या रेंज रोव्हरच्या चाचण्या २०२४ मध्ये गोठलेल्या तळ्यांवर आणि वाळवंटात झाल्या. विजेच्या मोटरला काकांच्या गाडीचा तो गुण जन्मतःच मिळालेला असतो. तिला गिअर बदलावा लागत नाही, फेऱ्यांची वाट पाहावी लागत नाही, उंचीवर दम लागत नाही. पण तिच्या यादीत एक नवी अडचण येते. मोटरचा जाहीर केलेला आकडा हा थोड्या वेळाचा, शिखरावरचा असतो. ती आणि तिची बॅटरी तापू लागली की शक्ती आवरती घ्यावी लागते. म्हणून संयुक्त राष्ट्रांच्या वाहन नियमांपैकी ८५ व्या नियमात विजेच्या मोटरची आणखी एक शक्ती मोजायची तरतूद आहे, सलग ३० मिनिटे टिकणारी, आणि ती जाहिरातीतल्या आकड्यापेक्षा बऱ्याचदा निम्म्याहून कमी भरते. युरोपातल्या काही देशांत नोंदणीच्या कागदावर हाच आकडा लिहिलेला असतो. तीन टनांची गाडी, लांब चढ आणि अर्धा तास: विजेच्या रेंज रोव्हरची यादी हाती आली की मी सर्वांत आधी तो रकाना शोधणार आहे, आणि भाच्याला त्याच्या तक्त्यात तो घालायला सांगणार आहे.